आईचा तानपुरा आणि जुना नकाशा

गेल्या महिन्यात आईचा इलेक्ट्रॉनिक तानपुरा घुरघुरू लागला. मल्लिकार्जुन मन्सूर आणि गंगूबाईंच्या या गावांत हे म्हणजे घरातलं माणूस आजारी पडल्यासारखंच! संध्याकाळी शिकवणीची मुलं येणार होती. "घरात इंजिनिअर आहे ना?" म्हणत आईने तो माझ्यापुढे ठेवला. मी सॉफ्टवेअरवाला, पण बीईला सोल्डरिंग केलं होतं, म्हणून हुरूप आला.

नेटवरून पॉवर सप्लायच्या बोर्डाचा नकाशा उतरवला. बाहेर 5 व्होल्ट यायला हवेत, मीटर 4.3 च्या आसपास डुलत होता. नकाशात टीएल 431 या चिपशेजारी 10 किलोओहमचे दोन रेझिस्टर होते. बोर्डावर मात्र वरच्या रेझिस्टरवर '472' छापलेलं, म्हणजे 4.7 किलोओहम. सापडला चोर! 10 चा रेझिस्टर आणायला दुर्गदबैलजवळच्या ओळखीच्या दुरुस्तीवाल्या काकांकडे गेलो. बोर्डही सोबत नेला.

काकांनी आधी मोठ्या कपॅसिटरवर मीटर लावला. 230 व्होल्टची वीज आत गेल्यावर तिथे सुमारे 325 व्होल्ट डीसी साठतात आणि प्लग काढल्यावरही काही वेळ टिकू शकतात. मग त्यांनी बोर्डाचा कोपरा दाखवला. बारीक अक्षरांत 'रेव्ह. सी' असं छापलं होतं. माझ्या कागदावर 'रेव्ह. ए'!

त्यांच्याकडच्या नव्या नकाशात दोन्ही रेझिस्टर 4.7 चेच होते. ही चिप 2.5 व्होल्टशी तुलना करते आणि व्होल्टेज ठरतं ते दोन रेझिस्टरच्या प्रमाणावर. दोन्ही सारखे, तर 5 व्होल्ट. मी एकच बदलला असता, तर 2.5 × (1 + 10 ÷ 4.7), म्हणजे 7.8 व्होल्ट! आतली चिप जळाली असती आणि हे मॉडेल आता मिळतही नाही.

खरा दोषी होता आउटपुटचा फुगलेला कपॅसिटर. नव्या नकाशातल्या किमतीचाच बसवला, घुरघुर थांबली.

ऑफिसात जुन्या व्हर्जनच्या कोडवर कुणी दुरुस्ती केली, तर मीच ओरडतो. घरी मात्र बोर्डावरचा नंबर वाचायलाच विसरलो.

संध्याकाळी आईने षड्ज लावला, क्षणभर डोळे मिटले आणि मुलांना म्हणाली, "चला, बसा." मला बिल विचारलं नाही, ते बरंच झालं!