कॉन्ट्रातली हलणारी झाडं

आपल्याकडच्या टीव्ही गेमला 'चायना माल' म्हणून हसायची पद्धत आहे. हसा. पण कॉन्ट्रा आपल्याला अर्धामुर्धा मिळाला, त्याला नक्कल करणारे जबाबदार नाहीत. त्याची काटछाट अधिकृत झाली होती, कंपनीच्या शिक्क्यानिशी!

येवल्यात संक्रांतीचे तीन दिवस पतंगाचे, बाकी सुट्टी कॉन्ट्राची. त्यामुळे तो गेम तोंडपाठ आहे असं मला वाटायचं. पण 1988 च्या जपानी कॉन्ट्रात जंगलातल्या झाडांची पानं हलतात, बर्फाच्या स्टेजला बर्फ पडतो, स्टेजआधी नकाशा आणि थोडीशी गोष्ट येते. कोनामीने कॅसेटमध्ये स्वतःची व्हीआरसी2 चिप घातली होती, तिची ही करामत. अमेरिकेत मात्र निन्टेन्डोचा खाक्या वेगळा: कॅसेट आम्हीच बनवणार, सर्किट आमचंच. झालं, पानं थांबली, बर्फ थांबला, गोष्ट उडाली. आमच्या कॅसेटमध्येही झाडं ढिम्म उभी, म्हणजे आत अमेरिकन प्रतच होती.

कॅसलव्हेनिया 3 ची तर याहून वाईट गत. 1989 च्या जपानी कॅसेटमधली व्हीआरसी6 चिप आवाजाचे तीन जादा चॅनेल द्यायची. फॅमिकॉमच्या 60 पिनांच्या खाचेतून कॅसेटचा आवाज मुख्य आवाजात मिसळता यायचा. परदेशी मशीनला पिना 72, पण ती सोय कॅसेटच्या खाचेतून काढलेली. पिना वाढवून आवाज कमी करायचा, ही कुठली इंजिनिअरिंग? आजही 'कोणाच्या लक्षात येणार नाही' म्हणत फीचर कापणारे मीटिंगमध्ये भेटतातच. असो.

झेल्डात मोठ्या कानांचा एक राक्षस आहे. जपानी फॅमिकॉमच्या दुसऱ्या रिमोटला माइक होता, त्यात ओरडलं की हा मरायचा. अमेरिकेत माइक गेला, पण 'याला मोठा आवाज सहन होत नाही' हे वाक्य माहितीपुस्तिकेत तसंच राहिलं. पोरं बिचारी बासरी वाजवत बसली!

2019 मध्ये कोनामीने कॉन्ट्राच्या संग्रहात जपानी आवृत्तीही दिली, तेव्हा पानं एकदाची अधिकृतपणे हलली. आणि हो, आपल्या दुसऱ्या रिमोटला स्टार्ट-सिलेक्ट का नसायचं, त्यावरून धाकट्या भावांशी किती भांडणं झाली! जपानी रिमोटलाही ती बटणं नव्हती, तिथे माइक होता. आपल्याकडे माइक गाळला आणि बटणंही दिली नाहीत.