नावेलीचे गोम्स आणि मोळीवाला मारय्या

आमच्या गल्लीतली एक मुलगी पुण्यात फ्रेंच शिकते. दिवाळीला घरी आली तेव्हा तिने आठ पानं माझ्यापुढे ठेवली. गोष्ट होती, तिच्या आजीच्या तरुणपणाची, आणि लिहिली होती फ्रेंचमध्ये. मला त्यातलं अक्षर कळलं नाही. ती म्हणाली, "काका, परक्या भाषेत लिहिलं तर गोष्ट आपली राहते का हो?"

कर्नाटकातल्या आमच्या बसवकल्याणात हा प्रश्न पोरखेळाचा नाही. इथं मराठी शाळेत शिकलेलं पोर कन्नडमध्ये अर्ज भरतं, बाजारात दखनीत घासाघीस करतं आणि देवापुढे वचनही म्हणतं, अभंगही म्हणतं. या सदरात मी मराठीच्या बाजूने इतकं लिहिलंय की तिला वाटलं असेल, काका रागावणार. मी रागावलो नाही. पण उत्तर द्यायला मला दोन आठवडे लागले, ते इथं मांडतो.

आधी आपल्याच गावातलं. नऊशे वर्षांपूर्वी या कल्याणात दोन काश्मिरी आले, एक आधी, एक नंतर. पहिला बिल्हण. विक्रमादित्य सहावा (१०७६ ते ११२६) याच्या दरबारात तो विद्यापती झाला आणि राजाचं चरित्र त्याने संस्कृतात रचलं. दुसरा मारय्या. परंपरा सांगते की तो काश्मीरचा राजा होता, राज्य सोडून बायको महादेवीसह बसवण्णांच्या गावी आला आणि जंगलातली लाकडं तोडून, मोळ्या विकून पोट भरू लागला. म्हणून तो मोळिगेय मारय्या. मोळीच्या त्या शब्दापाशी कन्नडमधून मराठीत येताना आपल्याला थांबावं लागत नाही, दोन्हीकडे ती डोक्यावरच असते. या मारय्याने वचनं लिहिली ती कन्नडमध्ये, ज्यांच्या दारात मोळी उतरवायची त्यांच्या भाषेत. दोघेही परमुलखातले, दोघांनीही घरची भाषा बाजूला ठेवली. पण एकाने राजाला ऐकू जाईल अशी भाषा घेतली आणि एकाने गिऱ्हाइकाला.

ही जोडी मनात ठेवून मी त्या मुलीला एका गोवेकराची गोष्ट सांगायला घेतली. त्यांचं नाव फ्रान्सिस्को लुईस गोम्स. ३१ मे १८२९ रोजी सासष्टीतल्या नावेलीत, मडगावच्या अगदी कुशीत, त्यांचा जन्म. गावात कोंकणी, चर्चमध्ये लॅटिन, कचेरीत पोर्तुगीज. ही उतरंड आपोआप रचली गेली नव्हती. १६८४ मध्ये पोर्तुगीज व्हाइसरॉयने हुकूम काढला होता की तीन वर्षांत लोकांनी स्वतःची बोली सोडून पोर्तुगीज बोलावं. हुकूम फसला, कोंकणी मेली नाही. पण शिकलेल्या माणसाने कोणत्या भाषेत लिहायचं, हे मात्र ठरून गेलं. गोम्स पणजीच्या वैद्यकीय शाळेत शिकले, लष्करात शल्यवैद्य झाले आणि १८६० मध्ये गोव्याचे प्रतिनिधी म्हणून पोर्तुगालच्या संसदेवर निवडून गेले. तीस-एकतीस वर्षांचा, सावळ्या रंगाचा हा डॉक्टर लिस्बनच्या सभागृहात उभा राहिला तेव्हा वाद काय चालला होता? वसाहतींना संसदेत प्रतिनिधी असावेतच कशाला, हा. गोम्स यांनी १८६१ च्या जानेवारीत त्याला उत्तर दिलं आणि लिस्बनला त्यांचं नाव ठाऊक झालं.

त्याच महिन्यात त्यांनी आणखी एक गोष्ट केली, आणि तिच्यासाठी मला हा माणूस फार जवळचा वाटतो. त्यांनी फ्रेंच कवी लामार्तिन यांना पत्र लिहिलं, फ्रेंचमध्ये. लामार्तिन तेव्हा सत्तरीचे, कर्जात बुडालेले, वर्गणीदारांसाठी साहित्याचे पाठ छापत होते आणि त्यात भारतीय काव्याचं तोंडभरून कौतुक करत होते. गोम्स यांनी त्या पत्रात स्वतःला पोर्तुगीज म्हणवून घेतलं नाही, भारतीय म्हणवून घेतलं. आणि भारतासाठी स्वातंत्र्य मागितलं. काँग्रेस स्थापन व्हायला अजून चोवीस वर्षं होती. सासष्टीचा एक ख्रिस्ती डॉक्टर, पोर्तुगालचा खासदार, परक्या भाषेत एका परक्या कवीजवळ आपल्या देशासाठी हे मागतोय. ही भाषा परकी म्हणावी का? ज्याच्या हातात सत्ता किंवा निदान आवाज आहे, त्याच्याशी बोलायचं तर त्याला कळेल असंच बोलावं लागतं.

१८६६ मध्ये लिस्बनला त्यांची कादंबरी निघाली, 'ओस ब्राह्मानिस', म्हणजे ब्राह्मण. पोर्तुगीजमध्ये गोवेकराने लिहिलेली ही पहिली कादंबरी. कथा गोव्यात घडतच नाही. ती घडते अवधमधल्या फैजाबादला, १८५७ च्या तोंडावर. तिचा दावा असा की भारतात ब्राह्मण दोन प्रकारचे आहेत, एक जन्माने हिंदू आणि एक गोऱ्या कातडीचे, आणि दोघांचं सोवळं सारखंच क्रूर आहे. हे वाक्य आज सोपं वाटतं. पण जोतीरावांची 'गुलामगिरी' १८७३ ची आहे, त्याच्याही सात वर्षं आधी हे लिहिलं गेलं.

मग मात्र गोम्स फ्रेंचकडे वळले. १८६७ मध्ये अर्थशास्त्राचं नीती आणि कायद्याशी नातं सांगणारा ग्रंथ, १८६९ मध्ये पोर्तुगालचे एकेकाळचे मंत्री मार्किस द पोंबाल यांच्या कारकिर्दीवरचं पुस्तक, दोन्ही फ्रेंचमध्ये. पोर्तुगाल लहान देश, त्याची भाषा युरोपातले पंडित वाचत नव्हते. फ्रेंच सगळे वाचत. म्हणजे नावेलीहून निघालेला माणूस एका परक्या भाषेतून दुसऱ्या, आणखी मोठ्या परक्या भाषेत गेला. तब्येत आधीच ढासळली होती. त्या वर्षी ते बोटीने घरी निघाले आणि ३० सप्टेंबर १८६९ रोजी वाटेत बोटीवरच गेले. वय चाळीस. गोव्याचा किनारा त्यांना दिसला नाही.

हे वाचताना मला राहून राहून सासष्टीतलंच रायतूर आठवतं. तिथल्या छापखान्यात १६१६ मध्ये 'क्रिस्तपुराण' छापलं गेलं. लिहिणारा फादर थॉमस स्टीफन्स, इंग्लंडातून १५७९ मध्ये आलेला जेझुइट. त्याने ओव्या लिहिल्या त्या मराठीत, हजारोंनी. इंग्रज सासष्टीत येऊन मराठीत लिहितो, सासष्टीचा पोरगा लिस्बनला जाऊन फ्रेंचमध्ये लिहितो. स्टीफन्सला लोकांना आपल्या देवाकडे वळवायचं होतं, म्हणून त्याला लोकांची भाषा लागली. गोम्स यांना राज्यकर्त्यांना माणुसकीकडे वळवायचं होतं, म्हणून त्यांना राज्यकर्त्यांची. मला दोघांतही लबाडी दिसत नाही.

तरीही एक टोचणी राहते, ती बेळगावमुळे. गोव्यातून घाट चढून वर आलं की बेळगाव. तिथं १८३१ मध्ये बाबा पद्मनजी जन्मले, गोम्स यांच्याहून दोन वर्षांनी धाकटे. तेही ख्रिस्ती झाले, त्यांनाही जातीची आणि रूढीची चीड. त्यांनी १८५७ मध्ये 'यमुनापर्यटन' लिहिली, विधवांच्या हालांवर, मराठीत. रचना म्हणून 'यमुनापर्यटन' कच्ची आहे, उपदेश फार आहे. पण ज्या घरांतल्या बायकांविषयी ती बोलते त्या घरांत ती वाचता येत होती. गोम्स यांची कादंबरी, त्यांचा अर्थविचार नावेलीच्या मुंडकारापर्यंत, म्हणजे जमीनमालकाच्या जागेत राहणाऱ्या गरिबापर्यंत, कोणत्या वाटेने पोचणार होता? त्यांनी वरच्यांशी बोलताना कसर ठेवली नाही. खालच्यांसाठी मात्र कोंकणीत किंवा मराठीत काही मागे ठेवलं नाही, आणि चाळिशीत मरण आल्यामुळे ते ठेवायला वेळही मिळाला नाही. हे मी आरोप म्हणून लिहीत नाही. मला याचं वाईट वाटतं.

आजही तो पेच तसाच आहे. कोलकात्याच्या शुमोना सिन्हा २००१ मध्ये पॅरिसला गेल्या आणि फ्रेंचमध्ये कादंबऱ्या लिहू लागल्या. आश्रय मागायला आलेल्या लोकांसाठी त्या दुभाष्या होत्या. २०११ मध्ये त्या कामावरच त्यांनी कादंबरी लिहिली आणि ते काम गेलं. ती कादंबरी बंगालीत असती तर ज्या टेबलापलीकडे निर्णय होतात तिथं ती कुणी वाचलीही नसती. आणि आपल्या शेजारी धारवाडात द. रा. बेंद्रे होऊन गेले, घरची भाषा मराठी आणि कविता कन्नड. त्यांना १९७३ चं ज्ञानपीठ मिळालं तेव्हा मराठी माणसाने त्यांना परकं म्हटलं का? मी तरी कधी म्हटलं नाही. मग गोम्स आपले का नसावेत? त्यांना इथं आणायचं काम आपलं आहे, मराठीत, कोंकणीत, कन्नडमध्येही.

हे सगळं मी त्या मुलीला अंगणात बसून सांगितलं. शेवटी म्हटलं, फ्रेंचमध्ये लिही, खुशाल लिही, पण आधी ही गोष्ट आजीला वाचून दाखव. आजीला अक्षरओळख नाही, फ्रेंच तर दूरच. मुलगी ओट्यावर बसली आणि एकेक वाक्य डोळ्यांनी फ्रेंचमधून उचलून तोंडाने मराठीत उतरवू लागली. दुष्काळाचं साल होतं. आजी तेव्हा पंधरा-सोळा वर्षांची. पहाटे रानात जायची, लाकडं गोळा करायची, मोळी डोक्यावर घेऊन चार कोस चालत गावात विकायला यायची. आजी मान डोलावत ऐकत होती. मोळी डोक्यावर चढली तशी तिने हात वर करून थांबवलं.

"आणि चुंबळ कुठं गेली गं? चुंबळीबिगर मोळी कशी घेतली मी?"

मुलगी गप्प झाली. मग माझ्याकडे बघून हळूच म्हणाली, "चुंबळीला फ्रेंच शब्द सापडला नाही मला, म्हणून गाळली."

"गाळू नको," आजी म्हणाली. तिने खांद्यावरचा पदर ओढला, दोन पीळ दिले, त्याचं वेटोळं केलं आणि पोरीच्या डोक्यावर ठेवून दाखवलं. "अशी असते. आता लिही."