चार्ल्स श्वाब: कौतुकाच्या कहाणीत गाळलेले पान

यशोपदेशाच्या पुस्तकांत चार्ल्स श्वाब हमखास भेटतो. ब्रॅडकच्या पोलाद कारखान्यात मजूर म्हणून लागलेला हा पोरगा १८९७ मध्ये, पस्तिशीत, कार्नेगी स्टीलचा अध्यक्ष झाला. डेल कार्नेगी यांनी त्याच्या यशाचे मर्म सांगितले ते माणसांचे मनमोकळे कौतुक करण्याच्या हातोटीत. कहाणी गोड आहे. तिच्यातून होमस्टेड मात्र गाळलेले असते.

१८९२ च्या रक्तरंजित संपात होमस्टेडची कामगार संघटना मोडून निघाली आणि त्याच वर्षी श्वाब तेथे अधीक्षक झाला. हा कारखाना अमेरिकी नौदलासाठी युद्धनौकांच्या चिलखती पत्र्यांचे उत्पादन करी. १८९४ मध्ये काँग्रेसच्या चौकशीत उघड झाले की पत्र्यांतील पोकळ्या बुजवून दडवल्या जात आणि तपासणीसाठी निवडलेल्या पत्र्यांवर रातोरात गुपचूप पुन्हा प्रक्रिया होई. (ज्यांच्या जिवाचे रक्षण या पत्र्यांवर सोपवले होते, त्या खलाशांचे कौतुक कोणी केले?) कंपनीला सुमारे १,४०,००० डॉलर दंड झाला. श्वाबला बढती मिळाली.

पुढे तो बेथलेहेम स्टीलचा धनी झाला. १९१० मध्ये तेथील यंत्रकामगारांनी रविवारच्या सक्तीच्या कामाविरुद्ध तक्रार केली. तक्रार घेऊन जाणाऱ्यांना कामावरून काढले, म्हणून संप पेटला. राज्य पोलिस आले, त्यांच्या गोळीने एक कामगार मेला. श्वाबने संघटनेला मान्यता दिली नाही. कौतुकाचे शब्द फुकट मिळत. वाटाघाटीचा हक्क तेवढा त्याने कधी दिला नाही.