कथा नाही म्हणे!

आमच्या अहेरीतल्या एका रसिकांनी निकाल देऊन टाकला आहे: फिलिपिनो दिग्दर्शक ब्रिलांते मेंडोझाचा ‘मनोरो’ (२००६) हा सिनेमाच नव्हे. कॅमेरा हलतो, नट नाहीत, कथा नाही. गरिबी दाखवायची आणि परदेशी महोत्सवांत टाळ्या घ्यायच्या, हा धंदा. वर, आपल्या लोकांना यातलं काय कळणार?

कॅमेरा हातात धरलाय, हलणारच. गरिबी दाखवली की धंदा आणि बंगले दाखवले की करमणूक, हा हिशेब त्यांनाच लखलाभ.

‘कथा नाही’ हे मात्र सोडवत नाही. पार्श्वभूमी पाहा: १९९१ साली फिलिपिन्समधला पिनातुबो ज्वालामुखी फुटला आणि डोंगरातले एटा आदिवासी विस्थापित झाले. २००४ ची अध्यक्षपदाची निवडणूक येते. फिलिपिन्समध्ये तेव्हा मतपत्रिकेवर उमेदवाराचं नाव हाताने लिहावं लागे. आपल्याकडे पहिल्या निवडणुकीपासून चिन्हं आहेत, म्हणून निरक्षराचं मतही त्याच्याच हातात राहिलं. तिथे लिहिता न येणाऱ्याने दुसऱ्याच्या हातावर विसंबायचं. नुकतीच प्राथमिक शाळा संपवलेली एक एटा पोर मोठ्यांना अक्षरं गिरवायला लावते. आजोबा शिकारीला रानात गेलेले, त्यांना शोधत फिरते. मतदानापर्यंत म्हाताऱ्यांचा हात वळेल का? याला कथा म्हणायचं नाही, तर खून पडेपर्यंत थांबायचं का? खलनायक हवाच असेल, तर ती कोरी मतपत्रिका आहे की!

‘आपल्या लोकांना कळत नाही’ हे तर जुनंच तुणतुणं. पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीच्या नाटकांना नाकं मुरडणारे हेच. वडशाच्या कंपन्यांची नाटकं दिवाळीनंतर गावोगाव लागतात, रात्री उघडलेला पडदा पहाटे पडतो. थंडीत रात्रभर बसणारा प्रेक्षक तेव्हा गावंढळ होता. आता त्याच्याच नावाने ‘मनोरो’ नको!

मतदानाची कथा आमच्याकडेही आहे: गडचिरोलीत मतदान पथकं हेलिकॉप्टरने दुर्गम केंद्रांवर उतरतात, मतदान दुपारी तीनला आटोपतं. हे मराठी पडद्यावर कुठे आहे? २०१४ साली हेमलकशाच्या दवाखान्यावर चित्रपट आला, पण मध्यभागी डॉक्टर आणि माडिया आदिवासी भोवती. माडिया बाईचा मतदानाचा एक दिवस, तिच्याच बोलीत, आलापल्ली-भामरागडच्या पोरांनी चित्रित करावा. फार पैसा लागत नाही.

रसिकांनी तोवर ‘मनोरो’ शेवटपर्यंत पाहावा. अर्ध्या तासात बंद केला, असं त्यांनीच सांगितलंय.