आमचे आडनाव नासरेथकर

हिंगोली जिल्ह्याच्या कळमनुरी तालुक्यात डोंगरकडा नावाचे गाव आहे. या गावाहून पोटापाण्यासाठी शहरात आलेले एक ख्रिस्ती कुटुंब आम्हांस ठाऊक आहे. गावाच्या नावाला ‘कर’ जोडून झालेले त्यांचे आडनाव. मुलगी झाली तेव्हा आईवडिलांनी तिचे नाव ‘करुणा’ ठेवावयाचे ठरविले आणि बाप्तिस्म्याची नोंद करण्यासाठी पिता नव्या धर्मग्रामाच्या कार्यालयात गेला. तेथील गृहस्थांनी नाव ऐकले, आडनाव ऐकले, लेखणी खाली ठेवली आणि विचारले, “दादा, हे घरातले नाव झाले. ख्रिस्ती नाव काय?” मग जरा थांबून, “आणि तुम्ही मूळचे कॅथलिकच ना?”

पिता मुकाट्याने घरी परतला. मुलीचा बाप्तिस्मा झाला. नोंदवहीत ‘मर्सी’ असे नाव लागले. घरात ती करुणाच राहिली. त्या गृहस्थांना आम्ही दोष देत नाही. आपल्यांतील पुष्कळ जण जे मनात विचारतात, ते त्यांनी तोंडाने विचारले, इतकेच. प्रश्न आपणा सर्वांचा आहे, म्हणून हा लेखनप्रपंच.

प्रथम आडनावांचा विचार करू. डिसोझा म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे कॅथलिक घर उभे राहते. परंतु सोझा ही उत्तर पोर्तुगालमधील एक नदी. तिच्या काठचे ते ‘द सोझा’, म्हणजे आपल्या भाषेत सोझेकर. डिमेलो हे मेलो गावचे, आल्मेडा हे आल्मेडा गावचे. मचाडो म्हणजे कुऱ्हाड, परेरा म्हणजे पेअरचे झाड, सिल्वा म्हणजे रान, रिबेरो म्हणजे ओढा. लोपिस म्हणजे लोपोचा पुत्र, आणि लोपो म्हणजे लांडगा! आपल्याकडील कुऱ्हाडे, पिंपळे आणि लांडगे यांना पाहून जे नाक मुरडतात, त्यांनी आपल्याच आडनावाचा अर्थ एकदा विचारून पाहावा. या शब्दांत संत नाहीत, संस्कार नाहीत. तेथेही शेतकरीच होते, नदीनाले होते आणि रानात श्वापदे होती.

ही आडनावे आपल्या घरांत आली कशी, हेही आपण विसरतो. वसईवर १५३४ पासून १७३९ पर्यंत पोर्तुगीजांचा अंमल होता. त्या काळात बाप्तिस्मा घेणाऱ्यास धर्मपित्याचे, धर्मगुरूचे किंवा एखाद्या पोर्तुगीज सरदाराचे आडनाव मिळे. ते रक्ताने आले नाही, दिले म्हणून आले. चार शतके आपल्या पूर्वजांनी ते प्रामाणिकपणे सांभाळले आणि त्यास मराठी मातीचा गंध दिला, म्हणून ते आज आपले आहे. ते टाकून द्यावे असे आम्ही मुळीच म्हणत नाही. आमचे म्हणणे इतकेच की, जे दान म्हणून मिळाले त्याचा कोणी मानदंड करू नये.

आता पहिल्या नावाकडे वळू. संताचे नाव द्यावे, म्हणजे बाळाला स्वर्गात एक वडीलधारा लाभतो, हा विचार सुंदर आहे. परंतु त्या संतांची नावे तरी कोठून आली? तूर येथील संत मार्टिन यांचे नाव मार्स या रोमन युद्धदेवतेवरून आलेले आहे. शेतकऱ्यांचे आश्रयदाते संत इसिदोर. त्यांच्या नावाचा अर्थ ‘इसिस देवीचे दान’ असा होतो, आणि इसिस ही तर मिसरातील देवी. संत पौलाने रोमकरांस लिहिलेल्या पत्राचा सोळावा अध्याय काढून वाचावा. ज्या बंधुभगिनींना त्याने सलाम सांगितला आहे, त्यांत हर्मेस आहे. हर्मेस हे ग्रीक देवाचेच नाव! पौलाने त्यास ‘आधी नाव बदल, मग सलाम सांगतो’ असे म्हटले नाही. शौलाचा मनपालट झाला आणि तत्क्षणी तो पौल झाला, अशी आपली समजूत असते. प्रत्यक्षात मनपालट प्रेषितांच्या कृत्यांच्या नवव्या अध्यायात आहे, आणि तेराव्या अध्यायापर्यंत तो शौलच आहे. त्याला दोन नावे होती, एक यहुदी आणि एक रोमी. प्रभूने त्याचे हृदय पालटले. नावाची अट घातली नाही.

उलट बाजूची उदाहरणे आहेत, ती लपविण्याचे आम्हांस कारण नाही. प्रभूने शिमोनाला ‘केफा’ म्हणजे खडक म्हटले. मर्क्युरियस नावाचे धर्मगुरू ५३३ साली पोपपदी निवडले गेले तेव्हा रोमन देवाचे नाव या पदास शोभणार नाही म्हणून त्यांनी योहान हे नाव घेतले. परंतु या दोन्ही ठिकाणी नवे नाव नव्या जबाबदारीबरोबर आले. आणि तोवर मर्क्युरियस हे नाव धारण करूनच ते वेदीपुढे उभे राहत होते, हे विसरता कामा नये.

ख्रिस्तसभेचा कायदा काय सांगतो? १९१७ च्या संहितेत धर्मगुरूंनी बाळास ख्रिस्ती नाव दिले जाईल हे पाहावे, आणि आईबापांचा आग्रह दुसऱ्या नावाचा असेल तर त्यास संताचे नाव जोडून दोन्हींची नोंद करावी, असे होते. १९८३ च्या संहितेतील ८५५ वे कलम केवळ इतकेच सांगते की, ख्रिस्ती भावनेशी विसंगत असे नाव देऊ नये. करुणा हे नाव ख्रिस्ती भावनेशी विसंगत आहे काय? आणि ‘मर्सी’ म्हणजे तरी काय? करुणाच! एकच गुण इंग्रजीत उच्चारला तर पवित्र आणि मराठीत उच्चारला तर अपुरा, हा न्याय ख्रिस्तसभेचा नव्हे. तो आपल्या मनातील न्यूनगंडाचा आहे. नारायण वामन टिळकांनी १८९५ साली बाप्तिस्मा घेतला आणि ते नारायणच राहिले. ते आपल्या पंथाचे नव्हते; पण त्यांच्या नावामुळे त्यांची ख्रिस्तभक्ती उणी पडली असे म्हणण्याचे धाडस कोण करील?

याबाबतीत डोंगरकड्याचा परिसर आपणांस पुष्कळ शिकवू शकेल. त्याच कळमनुरी तालुक्यातील रुपूर येथे जन्मलेले कवी फ. मुं. शिंदे २०१४ साली सासवडच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते. ‘फ’ म्हणजे फकीरराव. फकीर हा शब्द अरबी, राव मराठी. मराठवाड्यात फकीरराव आहेत, पिराजी आहेत, आणि असे नाव धारण केल्याने कोणाचा धर्म बदलला असे तेथे कोणी मानीत नाही. याउलट फादर फ्रान्सिस दिब्रिटो २०२० साली उस्मानाबादच्या संमेलनाचे अध्यक्ष झाले, तेव्हा एक ख्रिस्ती धर्मगुरू मराठी साहित्याचा अध्यक्ष कसा, म्हणून विरोध झाला. तेव्हा आपण दुखावलो, आणि ते योग्यच होते. परंतु परक्याने आपल्या नावावरून आपले मराठीपण मोजले तर तो अन्याय, आणि आपण आपल्याच बांधवाच्या नावावरून त्याचे कॅथलिकपण मोजले तर ती सावधगिरी, हे कसे?

आणखी एक दुःख सांगितल्याविना राहवत नाही. अनुसूचित जातींविषयीच्या १९५० च्या आदेशात पुढे १९५६ साली शिखांचा आणि १९९० साली बौद्धांचा समावेश झाला; ख्रिस्ती झालेले दलित आजही त्याबाहेर आहेत. त्यामुळे सरकारी कागदावर एक आणि चर्चच्या नोंदवहीत दुसरे, अशी दोन नावे बाळगण्याची पाळी काही घरांवर येते. बाहेर आडनावावरून त्यांची जात हुडकली जाते. निदान देवाच्या घरी तरी त्यांना आडनाव सांगताना मान खाली घालावी लागू नये. लग्नाच्या बोलणीत ‘आडनाव काय’ हा पहिला प्रश्न ठेवून आपण वेदीवरील भाकर एकत्र खातो, याची आम्हांस लाज वाटते.

वाचकहो, आमची मागणी मोठी नाही. मुलास नाव देताना त्याचा अर्थ विचारा, मग ते नाव कोणत्याही भाषेतील असो. संताचे नाव दिलेत तर त्या संताचे चरित्र मुलाला सांगा. मराठी नाव दिलेत तर ते नोंदवहीत ताठ मानेने लिहवून घ्या. आणि आडनावावरून कोणाची श्रद्धा जोखू नका.

कारण आपल्या प्रभूची ओळखही गावावरूनच होती. येशू हे त्या काळी चारचौघांत आढळणारे नाव. पुढे गावाचे नाव लागे. आपण मराठीत त्याला नासरेथकर म्हणतो. असल्या गावातून काही चांगले निघेल काय, अशी शंका नथनेलानेही काढली होती. फिलिपाने वाद घातला नाही. तू स्वतः येऊन पाहा, एवढेच सुचविले. पुढे वधस्तंभावर जी पाटी लागली, तिच्यावरही त्या लहानशा गावाचे नाव होते. नासरेथकरापुढे गुडघे टेकणाऱ्यांनी डोंगरकडेकराला दारात अडवू नये.