बायकांना कुणी अडवलं होतं म्हणे!

परवा एका ग्रुपवर वाद झाला. आपल्याकडच्या मॅरेथॉनच्या बॅनरवर पुरुष 10 किलोमीटर, महिला 5 आणि बक्षीसही निम्मं, असं का, एवढंच एका ताईंनी विचारलं होतं. लगेच उत्तर हजर: "झेपलं असतं तर आधीच पळाल्या नसत्या का? कुणी अडवलं होतं?"

अडवलं होतं साहेब. चांगलं अधिकृतपणे अडवलं होतं.

1928, ॲमस्टरडॅम ऑलिंपिक. ॲथलेटिक्समध्ये बायकांना पहिल्यांदाच प्रवेश मिळाला, त्यात 800 मीटरची शर्यत होती. जर्मनीच्या लीना राडकेने ती विश्वविक्रमासह जिंकली. फायनलला नऊ जणी होत्या, नऊच्या नऊ जणींनी शर्यत पूर्ण केली. पेपरांत छापून काय आलं? बाया धडाधड कोसळल्या, हे त्यांचं काम नव्हे! (शर्यत संपल्यावर आडवे पडून धापा टाकणारे पुरुष कुणाला दिसलेच नाहीत जणू.) असल्या बातम्यांच्या जोरावर 800 मीटर बंद झाली, ती थेट 1960 ला रोममध्ये परत आली. 32 वर्षं! तेवढ्यात पळणाऱ्यांची एक अख्खी पिढी म्हातारी झाली.

मॅरेथॉन पुरुषांना 1896 पासून, बायकांना 1984 पासून. पी. टी. उषाचं एक शतांश सेकंदाने हुकलेलं पदक आपण अजून हळहळत सांगतो. पण ती 400 मीटर अडथळ्यांची शर्यत बायकांसाठी सुरूच त्या वर्षी झाली, हे कोण सांगतं?

आता घरचं बघा. माण तालुक्यातल्या मोहीची ललिता बाबर. दुष्काळी भागातली पोर 2016 ला रिओत 3000 मीटर स्टीपलचेसच्या फायनलला गेली, दहावी आली. ही शर्यत ऑलिंपिकमध्ये पुरुषांना 1920 पासून आहे. बायकांना 2008 पासून! ललिता वीस-पंचवीस वर्षं आधी जन्मली असती तर कितीही पळाली असती, तरी तिथे तिच्यासाठी ती शर्यतच नव्हती.

आधी दार लावून घ्यायचं, मग म्हणायचं की कुणी आलंच नाही.

आयोजक मंडळी, 10 किलोमीटरच्या फॉर्मवर मुलींचा रकाना का नाही? बजेट नसेल तर आहे ती बक्षिसाची रक्कम दोन्हीकडे सारखी वाटा. फॉर्म छापायला जायच्या आत कळवा, मुलींची नावं आम्ही गोळा करून देतो.