बातमीतला ‘कडून’ कुठे गेला?

५ फेब्रुवारी २००३ रोजी अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री कॉलिन पॉवेल संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेत बोलले. हातात एक छोटी कुपी धरून त्यांनी जगाला सांगितले की इराककडे जैविक शस्त्रे आहेत आणि ती बनवणाऱ्या फिरत्या प्रयोगशाळाही आहेत. त्या दिवसांत परिषदेच्या दालनाबाहेर टांगलेल्या पिकासोच्या ‘गेर्निका’ चित्राच्या विणलेल्या प्रतीवर निळा पडदा टाकलेला होता. टीव्हीच्या कॅमेऱ्यांना पार्श्वभूमी नीट मिळावी म्हणून, असे कारण देण्यात आले. ते चित्र बॉम्बहल्ल्यात उद्ध्वस्त झालेल्या एका गावाचे आहे. सहा आठवड्यांनी अमेरिका आणि ब्रिटन यांनी बगदादवर बॉम्ब टाकले.

शस्त्रे सापडली नाहीत. अमेरिकेनेच नेमलेल्या शोधपथकाने २००४ मध्ये अहवाल दिला की असे साठे इराककडे नव्हतेच. हे आज शाळेतल्या मुलालाही माहीत आहे. म्हणून मला शस्त्रांबद्दल बोलायचे नाही. मला बोलायचे आहे ते छापणाऱ्यांबद्दल आणि वाचणाऱ्यांबद्दल. एक देश दुसऱ्या देशावर चालून जातो तेव्हा रणगाड्यांच्या आधी बातम्या निघतात. त्या कशा निघतात हे तपासले नाही तर पुढच्या वेळीही आपण तसेच टाळ्या वाजवत किंवा तसेच हळहळत बसू.

मी शाळेत उर्दू आणि मराठी शिकवते. उर्दू व्याकरणात क्रियापदाचे दोन प्रकार सांगतात : फेल-ए-मारूफ आणि फेल-ए-मजहूल. मारूफ म्हणजे ज्याचा कर्ता माहीत आहे. मजहूल म्हणजे ज्याचा कर्ता अज्ञात आहे. हाच ‘मजहूल’ शब्द हदीसच्या अभ्यासातही येतो. तिथे प्रत्येक कथनाची सनद तपासतात. हे कोणी सांगितले, त्याला कोणी सांगितले, तो स्वतः तिथे होता का, तो विश्वासू होता का? साखळीतला एक जण जरी मजहूल निघाला, तरी मजकूर कितीही मनासारखा असो, रिवायत कमजोर ठरते. इराक युद्धाच्या बातम्यांना ही साधी कसोटी लावून पाहू.

८ सप्टेंबर २००२ रोजी ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने पहिल्या पानावर बातमी दिली की इराक अणुबॉम्बसाठी लागणाऱ्या विशिष्ट अॅल्युमिनियमच्या नळ्या मिळवण्याच्या प्रयत्नात आहे. माहिती देणारे होते सरकारमधले अधिकारी, नावे न सांगता. त्याच दिवशी उपाध्यक्ष डिक चेनी टीव्हीवर आले आणि पुरावा म्हणून त्यांनी त्याच बातमीचा दाखला दिला. म्हणजे सरकारने वर्तमानपत्राच्या कानात सांगितले, वर्तमानपत्राने ते छापले आणि सरकार म्हणाले, बघा, वर्तमानपत्रातही आले आहे! आपल्या गल्लीत एखाद्याने असे केले तर त्याला लबाड म्हणतात.

फिरत्या प्रयोगशाळांची सनद तर याहून वाईट. त्या गोष्टीचा मुख्य साक्षीदार होता जर्मनीत आश्रय मागणारा एक इराकी. गुप्तचरांनी त्याला ‘कर्व्हबॉल’ असे टोपणनाव दिले होते. तो जर्मन यंत्रणेच्या ताब्यात होता. युद्धाआधी अमेरिकी यंत्रणेने त्याची थेट, नीट चौकशीही केलेली नव्हती. २०११ मध्ये त्याने स्वतःच कबूल केले की आपण खोटे बोललो. तोपर्यंत युद्धाला आठ वर्षे झाली होती.

हे पहिल्यांदा घडले असेही नाही. १० ऑक्टोबर १९९० रोजी नाइरा एवढेच नाव सांगणारी पंधरा वर्षांची कुवेती मुलगी वॉशिंग्टनमध्ये खासदारांच्या एका गटासमोर रडत रडत म्हणाली की इराकी सैनिकांनी इस्पितळातल्या काचेच्या पेट्यांमधून बाळांना काढून थंड फरशीवर मरायला टाकले. अध्यक्ष बुश (थोरले) यांनी ती गोष्ट पुन्हा पुन्हा सांगितली. जानेवारी १९९१ मध्ये सिनेटने ५२ विरुद्ध ४७ मतांनी युद्धाला संमती दिली. पुढे १९९२ मध्ये उघड झाले की ती मुलगी कुवेतच्या अमेरिकेतील राजदूताची कन्या होती आणि तिची साक्ष ‘हिल अँड नोल्टन’ या जनसंपर्क कंपनीच्या मोहिमेचा भाग होती. कुवेतवर सद्दामने आक्रमण केले होते, तिथे अत्याचार झाले होते, हे खरेच होते. पण पेट्यांतल्या बाळांची गोष्ट टिकली नाही. ‘ही मुलगी कोण?’ एवढा प्रश्न त्या दिवशी एखाद्या वार्ताहराने लावून धरला असता तर?

कोणी विचारणारे नव्हतेच असेही नाही. ‘नाइट रिडर’ या वृत्तसमूहाचे जोनाथन लँडे आणि वॉरन स्ट्रोबेल हे दोन वार्ताहर २००२ पासून लिहीत होते की सरकारचे दावे आणि खालच्या अधिकाऱ्यांची माहिती जुळत नाही. त्यांच्याच समूहातल्या काही वर्तमानपत्रांनी त्यांच्या बातम्या छापल्या नाहीत. ७ मार्च २००३ रोजी आंतरराष्ट्रीय अणुऊर्जा संस्थेचे प्रमुख मोहम्मद अल-बरादेई यांनी सुरक्षा परिषदेत सांगितले की इराकने नायजरकडून युरेनियम मागितल्याची कागदपत्रे अस्सल नाहीत. पॉवेलना ज्या व्यासपीठावर जगाने ऐकले, त्याच व्यासपीठावर हे सांगितले गेले. तेरा दिवसांनी युद्ध सुरू झाले. म्हणून ‘तेव्हा कोणालाच माहीत नव्हते’ ही सबब मला मान्य नाही. माहीत होते. जे सोयीचे नव्हते ते ऐकले गेले नाही. ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने आपले वार्तांकन हवे तितके काटेकोर नव्हते हे मान्य केले, पण २६ मे २००४ रोजी आणि तेही आतल्या पानावर. नळ्या पहिल्या पानावर होत्या.

आता युद्ध सुरू झाल्यानंतरची भाषा पाहा. मराठीत आपण ‘नवीन कर्मणी’ शिकवतो : ‘रावण रामाकडून मारला गेला.’ या वाक्यात ‘कडून’ आहे तोवर कर्ता शिल्लक आहे. युद्धाच्या बातमीत पहिला बळी या ‘कडून’चा जातो. ‘हल्ल्यात अकरा ठार.’ ‘स्फोटात कुटुंब दगावले.’ ‘जीवितहानी झाली.’ कोणाकडून? वाक्य तिथेच संपते. इंग्रजीत तर मेलेल्या सामान्य माणसांसाठी लष्कराने असा शब्द काढला की त्यात माणूसच उरत नाही. आपण त्याचे ‘आनुषंगिक हानी’ असे भाषांतर केले आणि वापरू लागलो. एखादी आई आनुषंगिक कशी असते?

८ एप्रिल २००३ चा दिवस घ्या. बगदादच्या पॅलेस्टाइन हॉटेलात जगभरचे पत्रकार उतरले होते, हे सर्वांना माहीत होते. अमेरिकी रणगाड्याने त्या हॉटेलवर गोळा डागला आणि रॉयटर्सचे तारास प्रोत्सियुक व स्पॅनिश वाहिनीचे होसे कौसो यांना ठार केले. त्याच सकाळी अमेरिकी विमानाने ‘अल जझीरा’च्या कार्यालयावर मारा केला आणि तारिक अय्यूब यांचा जीव घेतला. त्या कार्यालयाचा ठावठिकाणा वाहिनीने आधीच पेंटॅगॉनला कळवला होता. दुसऱ्या दिवशी जगाच्या पडद्यावर मात्र फिरदौस चौकातला सद्दामचा पुतळा पडत होता, पुन्हा पुन्हा.

त्या युद्धात सहाशेच्या आसपास पत्रकार लष्करी तुकड्यांबरोबर राहून वार्तांकन करत होते. त्यांतले अनेक धाडसी होते. पण ज्याच्या रणगाड्यात बसायचे, ज्याचे जेवण जेवायचे आणि ज्याच्या बंदुकीवर आपला जीव अवलंबून, त्याच्या खिडकीतून गोळी जाताना दिसते. ती लागते कुठे ते दिसत नाही. इराकमध्ये मेलेल्या अमेरिकी सैनिकांची, सुमारे साडेचार हजारांची, नावानिशी यादी आहे. मेलेल्या इराकी नागरिकांची मोजणी ‘इराक बॉडी काउंट’ या स्वयंसेवी गटाला बातम्यांची कात्रणे जुळवत करावी लागली. नोंद मिळालेलेच पावणेदोन लाखांहून अधिक आहेत.

हे सगळे दूरचे वाटत असेल तर मे २०२५ आठवा. २२ एप्रिलला अतिरेक्यांनी पहलगाममध्ये २६ जणांची हत्या केली. या वाक्यात कर्ता आहे आणि तो गाळण्याचा अधिकार कोणालाही नाही, मुसलमानाला तर मुळीच नाही. ७ मे रोजी लष्करी कारवाई सुरू झाली आणि ८ मेच्या रात्री आपल्या अनेक वाहिन्यांनी कराची बंदर उद्ध्वस्त केले, पाकिस्तानची शहरे ताब्यात घेतली. सकाळी त्यातले काहीच खरे नव्हते. पलीकडेही तेच चालले होते. तिकडे भारतीय महिला वैमानिक पकडल्याची खोटी बातमी लोक मिठाईसारखी वाटत होते. त्याच दिवसांत पाकिस्तानी तोफांच्या माऱ्यात पूंछमधल्या मदरशातला एक शिक्षक ठार झाला. आपल्या काही वाहिन्यांनी त्याचा फोटो दाखवून त्याला अतिरेकी ठरवले. पूंछ पोलिसांना निवेदन काढावे लागले की तो अतिरेकी नव्हता. शत्रूच्या तोफेने मेलेला भारतीय नागरिक, आपल्याच पडद्यावर शत्रू म्हणून दाखवला गेला. कारण काय? दाढी, टोपी आणि ‘सूत्रांनुसार’. घरातला माणूस गेला त्या दिवशी त्याच्या मुलांना हेही पाहावे लागले.

इथपर्यंत वाचून आपल्यातले पुष्कळ जण मान डोलावतील. आता पुढचे ऐका.

आपल्यात एक वाक्य फार सोपे झाले आहे : ‘सगळा मीडिया विकला गेला आहे.’ हे वाक्य बोलले की तपासण्याची जबाबदारी संपते. मग वर्तमानपत्र खोटे आणि व्हॉट्सअॅपवर आलेले मात्र खरे! सीरियातला जुना फोटो गाझाचा म्हणून पाठवायचा, आणि कोणी टोकले तर म्हणायचे, जुल्म तर होतोच आहे ना? होतो आहे. म्हणूनच त्याच्या साक्षीत एकही खोटा फोटो नको. नाइराच्या गोष्टीचेही समर्थन असेच झाले असते, की सद्दाम क्रूर तर होताच ना?

आणि सद्दामबद्दलही बोलू. १९९१ नंतर आपल्याकडे कित्येक घरांत मुलांची नावे सद्दाम ठेवली गेली. माझ्या पटावर ती मुले होती. त्यांच्यातल्या किती जणांच्या घरात हलब्जा हा शब्द कधी उच्चारला गेला? १६ मार्च १९८८ रोजी सद्दामच्या विमानांनी त्या कुर्द गावावर विषारी वायू टाकला आणि सुमारे पाच हजार माणसे मारली. बहुतेक मुसलमानच होते. त्या वेळी अमेरिकी अधिकारी इराणकडेही बोट दाखवत होते, कारण सद्दाम तेव्हा उपयोगाचा होता. पंधरा वर्षांनी तेच हलब्जा युद्धाचे कारण म्हणून बाहेर काढले गेले. हा अमेरिकेचा ढोंगीपणा आपण बरोबर ओळखतो. पण आपल्या मौनाचे काय? मारणारा आपला वाटला की आपल्या वाक्यातलाही ‘कडून’ गळतोच.

१९७१ मध्ये पाकिस्तानी लष्कराने आठ पत्रकारांना पूर्व पाकिस्तानात फिरवून आणले. परिस्थिती सुरळीत आहे असे लिहावे, ही अपेक्षा होती. सात जणांनी तसे लिहिले. आठवे अँथनी मस्करेन्हस. आपल्या बेळगावात जन्मलेले, मूळ गोव्याच्या कुटुंबातले, कराचीत वाढलेले. त्यांनी आधी बायकामुलांना देशाबाहेर काढले, मग स्वतः निसटले. १३ जून १९७१ रोजी लंडनच्या ‘संडे टाइम्स’मध्ये त्यांनी आपल्याच देशाच्या लष्कराचे नाव घेऊन नरसंहार हा शब्द लिहिला. त्यांनी फक्त कर्ता लिहिला, आणि त्यासाठी त्यांना घरदार सोडावे लागले.

आपल्याला घर सोडायचे नाही. आपल्याला एवढेच करायचे आहे की उद्या कोणत्याही युद्धाची बातमी आली की दोन गोष्टी शोधायच्या. हे कोणी सांगितले, आणि हे कोणी केले. उत्तर नसेल तर पुढे पाठवायची नाही, मग ती आपल्या बाजूची असली तरी. मुलांनाही मी आता वर्गात बातम्यांचीच वाक्ये देते आणि कर्ता शोधायला लावते. आठवीतल्या मुलांना तो पाच मिनिटांत सापडतो. संपादकांना का सापडत नाही, हे त्यांनी सांगावे.